डिस्क ब्रेक घासतोय? कॅलिपरला हात सगळ्यात शेवटी

सायकलचं पुढचं चाक जमिनीपासून थोडं उचला, हाताने फिरवा आणि फक्त ऐका. दर फेरीला एकदाच ‘शिक्… शिक्… शिक्’ असा आवाज येतोय का? मग डिस्क कुठेतरी वाकली आहे. ‘स्स्स्स’ असा न तुटणारा घासल्याचा आवाज येतोय? मग एक पॅड डिस्कला कायमचं टेकून बसलंय. चाक मोकळं फिरतंय, पण ब्रेक दाबला की कानठळ्या बसवणारी किंकाळी ऐकू येते? मग डिस्कला किंवा पॅडला तेल लागलं असणार. आणि स्टँडवर सगळं गुपचूप, पण वळणावर किंवा उभं राहून पेडल मारताना घासतंय, तर चाक नीट बसलेलं नाही, नाहीतर हबच्या, म्हणजे चाकाच्या मधल्या भागाच्या, बेअरिंगमध्ये खेळ आहे.

आवाज चार आणि कारणंही चार. पण आपण बहुतेक जण चारही वेळा एकच करतो: पाना घेऊन कॅलिपरचे, म्हणजे डिस्कला पकडणाऱ्या भागाचे, दोन बोल्ट ढिले करतो. मीही कितीतरी दिवस तेच करत होतो. कॅलिपर इकडे सरकव, तिकडे सरकव, अर्धा तास गेला की आवाज जातो, आणि पुढच्या पंक्चरनंतर चाक परत बसवलं की हजर. कॅलिपर सरकवून वाकडी डिस्क सरळ होत नाही आणि अडकलेला पिस्टन सुटत नाही. आवाज तात्पुरता दुसरीकडे ढकलला जातो, एवढंच. म्हणून डिस्क ब्रेक जुळवताना क्रम सांभाळायचा: आधी चाक, मग डिस्क, मग पिस्टन आणि सगळ्यात शेवटी कॅलिपर. हा क्रम का, ते कळायला ब्रेकच्या आत काय चालतं ते आधी बघू.

आत काय चालतं

हबला एक पोलादी चकती बसवलेली असते, ती डिस्क किंवा रोटर. फोर्कला किंवा फ्रेमला बसवलेला कॅलिपर या चकतीला दोन्ही बाजूंनी कवेत घेतो. कॅलिपरच्या आत दोन पॅड असतात. लिव्हर दाबला की ते चकतीला चिमटीत पकडतात. लिव्हर मोकळा असताना पॅड आणि डिस्क यांच्यात प्रत्येक बाजूला फट असते ती अर्ध्या मिलिमीटरपेक्षाही कमी. पोस्टकार्डाच्या जाडीची म्हणा. त्यामुळे डिस्क केसभर जरी डुलली, तरी घासणारच.

हायड्रॉलिक ब्रेकमध्ये लिव्हरपासून कॅलिपरपर्यंत तेलाची नळी असते. लिव्हर दाबल्यावर तेल पिस्टनला ढकलतं आणि पिस्टन पॅडला. इथवर सोपं आहे. पण लिव्हर सोडल्यावर पिस्टनला मागे कोण ओढतं? दोन पॅडच्या मधे पातळ स्प्रिंग असते, पण खरं काम ती करत नाही. ते काम पिस्टनभोवतीची चौकोनी काटछेदाची रबरी रिंग, म्हणजे सील, करते.

हे हातावर करून बघता येतं. डाव्या हाताच्या पाठीवर उजव्या हाताचं बोट जरा दाबून टेकवा आणि किंचित पुढे ढकला. बोट सरकत नाही, त्याच्याबरोबर कातडी ताणली जाते. जोर सोडा, कातडी बोटाला मागे घेऊन येते. आता बोट बरंच पुढे ढकला. कातडी एका मर्यादेपर्यंत ताणली जाते आणि मग बोट तिच्यावरून घसरतं. सोडलं की बोट मागे येतं खरं, पण आता थोडं पुढच्या जागेवरून.

बोट म्हणजे पिस्टन आणि कातडी म्हणजे सील. पॅड झिजलं की पिस्टनला थोडं जास्त पुढे यावं लागतं, तो सीलवरून घसरून नवी जागा पकडतो आणि फट पुन्हा होती तेवढीच राहते. हायड्रॉलिक ब्रेक स्वतःला जुळवून घेतो असं म्हणतात ते यामुळे. पण याच रचनेत एक अडचणही दडलेली आहे. पिस्टनच्या कडेवर धूळ आणि जुन्या पॅडचा भुगा साचला की सील कोरडं पडतं, पिस्टन नीट घसरत नाही, आणि दोन पिस्टनपैकी एक चपळ तर दुसरा आळशी होतो. त्याकडे पुढे येतोच.

आधी चाक

चाक फोर्कमध्ये एक मिलिमीटर तिरकं बसलं असेल तर बाकीची सगळी जुळवाजुळव वाया जाते. सायकल दोन्ही चाकांवर जमिनीवर उभी करा, क्विक रिलीज (चाकाची आस कसणारा, हाताने उघड-बंद होणारा लिव्हर) ढिला करा, हँडलवर हाताने वजन टाका म्हणजे आस खाचेत पूर्ण वर जाऊन बसेल, आणि मग लिव्हर बंद करा. सायकल आडवी किंवा हवेत धरून चाक बसवलं तर ते हमखास जरासं तिरकं बसतं. थ्रू अॅक्सल असेल तर ही काळजी कमी. तिथे आस बंद भोकातून आरपार जाते आणि आट्यांमध्ये कसली जाते, त्यामुळे चाक दर वेळी त्याच जागी येतं. तरी दर वेळी सारख्याच जोराने कसा. एकदा सैल, एकदा घट्ट असं झालं की डिस्कची जागा किंचित बदलते.

क्विक रिलीजबद्दल आणखी दोन गोष्टी सांगायला हव्यात, कारण इथे प्रश्न आवाजाचा नाही, जिवाचा आहे. पुढच्या ब्रेकचा कॅलिपर सहसा डाव्या फोर्कच्या मागच्या अंगाला असतो. ब्रेक जोरात दाबला की चाक त्या पकडलेल्या जागेभोवती फिरायला बघतं आणि आस खाली, म्हणजे खाचेतून बाहेर, ढकलली जाते. म्हणून डिस्क ब्रेकच्या चाकाचा क्विक रिलीज चांगला घट्ट लागतो. लिव्हर बंद करताना तळहातावर त्याचा वळ उमटला पाहिजे. दुसरी गोष्ट, लिव्हर डिस्कच्या विरुद्ध बाजूला, म्हणजे उजवीकडे ठेवा. ट्रेक या कंपनीने २०१५ मध्ये सुमारे दहा लाख सायकली दुरुस्तीसाठी परत बोलावल्या होत्या. पुढच्या चाकाचा उघडा राहिलेला लिव्हर जास्त मागे फिरून डिस्कमध्ये अडकू शकत होता, हे त्यामागचं कारण.

चाक बसलं की रिम धरून आडवी हलवून बघा. हाताला ‘टक टक’ जाणवलं तर बेअरिंगमध्ये खेळ आहे. तो काढल्याशिवाय पुढे जाण्यात अर्थ नाही.

मग डिस्क

डिस्क हबला दोन तऱ्हांनी बसवतात. एकात सहा छोटे बोल्ट असतात, बहुतेक वेळा टी-२५ टॉर्क्स डोक्याचे. दुसऱ्यात, सेंटरलॉक नावाच्या पद्धतीत, एकच मोठी रिंग असते आणि ती ४० न्यूटन मीटरला कसतात, म्हणजे लांब दांड्याचा पाना घेऊन बऱ्यापैकी जोर लावून. डिस्क वाकली आहे असं ठरवण्याआधी हे बोल्ट तपासा. सहांपैकी एखादा सैल असला तरी डिस्क डुलते. ते समोरासमोरच्या जोड्यांनी कसायचे, ओळीने गोल नाही.

डिस्क खरंच वाकली असेल तर ती सरळ करता येते, आणि हे काम वाटतं तितकं भीतिदायक नाही. कॅलिपरमागे पांढरा कागद धरा, चाक सावकाश फिरवा आणि डिस्क-पॅडमधली फट कुठे मिटते ते बघा. ती जागा लक्षात राहावी म्हणून शेजारच्या टायरवर खडूने खूण करा. डिस्कवर खूण करू नका. मग चाक फिरवून ती जागा कॅलिपरच्या बाहेर आणा आणि डिस्क विरुद्ध बाजूला अगदी हलकेच वाकवा. यासाठी खाच असलेलं खास हत्यार मिळतं. अॅडजस्टेबल पानाही चालतो, पण त्याचे जबडे आधी स्पिरिटने पुसून घ्या, नाहीतर एक काम करताना दुसरं वाढवून ठेवाल. पोलादाला लवचिकता असते. थोडं वाकवलं तर ते परत येतं, म्हणून पहिल्या दोन-तीन प्रयत्नांत काहीच झालं नाही असं वाटेल. जोर हळूहळू वाढवा, दर वेळी चाक फिरवून बघा. डिस्क थंड असतानाच हे काम करा, कारण लांब उतारानंतर तापलेली डिस्क तात्पुरती डुलते आणि निवल्यावर पुष्कळदा आपोआप जागेवर येते. आणि ती चार पावलांवरूनही डुलताना दिसत असेल, तर सरळ करायच्या नादी न लागता बदला.

डिस्क झिजतेही. हे अनेकांच्या गावीही नसतं. शिमानो या कंपनीची डिस्क नवी असताना १.८ मिलिमीटर जाड असते आणि १.५ मिलिमीटरवर आली की बदलायची. ही मर्यादा बहुधा डिस्कवरच कोरलेली असते. मोजताना व्हर्नियरचे जबडे डिस्कच्या अगदी काठावर टेकवू नका. तिथे पॅड पोचत नाही, त्यामुळे तो काठ न झिजता तसाच राहतो आणि माप फसवं येतं. घासल्या जाणाऱ्या पट्ट्याच्या मध्यावर मोजा.

पिस्टन: जिथे खरी मेख असते

चाक नीट, डिस्क सरळ, तरीही एक पॅड टेकलेलंच. आता कॅलिपरमध्ये टॉर्चचा उजेड पाडा, एक डोळा मिटा आणि लिव्हर सावकाश दाबत दोन्ही पॅडची हालचाल बघा. दोन्ही पॅड एकाच वेळी डिस्कला भिडले पाहिजेत. एक पॅड पुढे येतंय आणि दुसरं जागचं हलत नाही, डिस्कच त्याच्याकडे वाकतेय असं दिसलं, तर आळशी पिस्टन सापडला.

चाक काढा. पॅडची पिन काढून पॅड बाहेर घ्या आणि स्वच्छ कागदात गुंडाळून दूर ठेवा. आता चपळ पिस्टन प्लास्टिकच्या टायर लिव्हरने (टायर काढायच्या पट्टीने) आत दाबून धरा आणि ब्रेक हळूहळू दाबा, म्हणजे आळशी पिस्टनला बाहेर यावंच लागेल. दोन-तीन मिलिमीटर पुरे. जास्त दाबलंत तर पिस्टन बाहेर निघून तेल सांडेल, तेव्हा इथे घाई नको. उघड्या पडलेल्या कडेवर काळपट भुग्याचं कडं दिसेल. कान कोरायच्या कापसाच्या काडीला आयसोप्रोपिल अल्कोहोल लावून ती कड सगळीकडून पुसा. काडी काळी होईल, दुसरी घ्या. कड चकचकीत झाली की ब्रेकमध्ये जे तेल आहे त्याच तेलाचा एक थेंब दुसऱ्या काडीने कडेला लावा, पिस्टन आत ढकला, परत बाहेर आणा, परत आत. पाच-सहा वेळा असं केलं की सील ओलं होतं आणि पिस्टनची चाल मोकळी होते. शेवटी दोन्ही पिस्टन पूर्ण आत ढकलून कॅलिपर अल्कोहोलने कोरडा पुसा, कारण उरलेला तो थेंब पॅडवर गेला तर सगळे कष्ट पाण्यात.

पिस्टन ढकलायला स्क्रू-ड्रायव्हर वापरू नका. काही पिस्टन सिरॅमिकचे असतात आणि धातूच्या टोकाने त्यांचा टवका उडतो.

या एका कामाने जितके घासणारे ब्रेक गप्प होतात तितके दुसऱ्या कशाने होत नाहीत, असं माझं ठाम मत आहे. वर्षातून एकदा, पॅड बदलताना तर नक्कीच, हे करावं. नवी जाड पॅड घालण्यासाठी पिस्टन आत ढकलावेच लागतात, आणि धुळीने भरलेली कड तशीच आत ढकलली तर ती घाण थेट सीलवर जाते.

आता कॅलिपर

कॅलिपरच्या बोल्टची भोकं गोल नसून लांबट असतात. पोस्ट माउंट, म्हणजे कॅलिपर सरळ फ्रेमच्या किंवा फोर्कच्या दिशेने बोल्टने कसायच्या पद्धतीत, ती कॅलिपरलाच असतात. त्या लांबटपणामुळे तो आडवा सरकतो. दोन्ही बोल्ट पाव ते अर्धा फेरा ढिले करा, कॅलिपर हाताने हलेल इतकेच. लिव्हर जोरात दाबून धरा, म्हणजे दोन्ही पॅड डिस्कला पकडून कॅलिपरला स्वतःहून मधोमध आणतील. लिव्हर तसाच धरून बोल्ट आळीपाळीने थोडे थोडे कसा. जवळ दुसरं कोणी नसेल तर लिव्हर रबराने हँडलला बांधून ठेवा.

पण एवढ्याने दर वेळी भागत नाही. बोल्ट शेवटच्या फेऱ्यात कसताना त्याचं डोकं कॅलिपरला आपल्याबरोबर फिरवू बघतं, आणि मधोमध आलेला कॅलिपर ऐन वेळी केसभर सरकतो. तेवढं पुरतं. म्हणून मी शेवटची जुळवणी डोळ्यांनीच करतो. खाली पांढरा कागद, मागून टॉर्च, एक डोळा मिटून नजर डिस्कच्या रेषेत. डिस्कच्या दोन्ही बाजूंना उजेडाच्या दोन बारीक उभ्या रेघा दिसल्या पाहिजेत. एक बोल्ट हलका कसलेला ठेवून कॅलिपर अंगठ्याने ढकलत दोन्ही रेघा सारख्या करा. मग एका हाताने कॅलिपर घट्ट धरून दुसऱ्याने बोल्ट कसा, एकदा वरचा, एकदा खालचा, दर वेळी अगदी थोडा. रेघ बारीक होताना दिसली की थांबा, ढिला करा, पुन्हा. पहिल्यांदा वीस मिनिटं लागतील. दहाव्यांदा दोन. पोस्ट माउंटचे बोल्ट साधारण ६ ते ८ न्यूटन मीटरला कसतात.

एवढं करूनही कॅलिपर एका बाजूला कललेलाच दिसत असेल, म्हणजे उजेडाची रेघ वर रुंद आणि खाली निमुळती, तर फ्रेमवर कॅलिपर टेकतो ती जागा सपाट नाही. बहुधा रंगाचा थर कमी-जास्त बसलेला असतो. ती जागा घासून सपाट करण्याचं हत्यार वर्कशॉपमध्येच असतं. तिथे घरी कानस चालवू नका.

केबलवाला डिस्क ब्रेक असेल तर

बऱ्याच सायकलींवर डिस्क ब्रेक तेलाचा नसून केबलचा असतो, आणि त्यातल्या बहुतेकांत एकच पॅड हलतं. बाहेरचं पॅड डिस्कला ढकलतं, डिस्क किंचित वाकून आतल्या स्थिर पॅडवर टेकते आणि पकड तयार होते. म्हणजे आतलं पॅड डिस्कच्या जितकं जवळ तितकी डिस्क कमी वाकणार आणि लिव्हर कमी आत जाणार. आतल्या पॅडची घुंडी किंवा अॅलन की फिरवून ते डिस्कला टेकेपर्यंत आणा आणि मग घासायचं थांबेल इतकंच मागे घ्या. ‘दोन्ही बाजूंना सारखी फट’ हा नियम इथे लागू होत नाही.

हा ब्रेक स्वतःला जुळवून घेत नाही. पॅड झिजलं की लिव्हर आत आत जाऊ लागतो आणि आपण केबल ताणून वेळ मारून नेतो. ते चुकीचं आहे. केबल ताणत गेलात की कॅलिपरचा दांडा आधीच अर्धवट ओढलेल्या अवस्थेत राहतो, त्याची चाल संपत येते, आणि गरजेच्या वेळी पकडीसाठी जोरच उरत नाही. झीज भरून काढायची ती पॅडच्या घुंडीने. केबलचा अॅडजस्टर फक्त केबलचा ढिलेपणा काढण्यासाठी आहे.

तेल, म्हणजे या ब्रेकचा वैरी

एकदा मी चेनला स्प्रेने तेल मारलं आणि सायकल लख्ख पुसून ठेवली. दुसऱ्या दिवशी पहिल्याच चौकात मागचा ब्रेक किंचाळला आणि सायकल थांबलीच नाही, नुसती हळू झाली. स्प्रेचा तुषार स्पोकमधून पलीकडच्या डिस्कवर जाऊन बसला होता, डोळ्यांना दिसणारही नाही इतका. तेव्हापासून चेनला थेंबाथेंबानेच तेल, आणि डिस्कवर फडकं.

पॅडचा मसाला सच्छिद्र असतो. त्यात मुरलेलं तेल पुसून निघत नाही. डिस्क मात्र आयसोप्रोपिल अल्कोहोल आणि स्वच्छ, कोऱ्या फडक्याने पुसली की पूर्ण साफ होते. पॅडला तेल नुकतंच आणि थोडंसंच लागलं असेल तर काच किंवा फरशीसारख्या सपाट जागेवर बारीक पॉलिशपेपर ठेवून त्यावर पॅड गोल गोल घासा, वरचा थर जाऊ द्या. हे करताना पेपर ओला ठेवा आणि तोंडाला मास्क लावा, तो भुगा छातीत जायला नको. एवढ्याने पकड आली नाही तर पॅड टाकून द्या. काही जण पॅड गॅसच्या ज्योतीवर भाजून तेल जाळतात. मी ते करत नाही आणि कुणाला सांगणारही नाही. मसाला लोखंडी पट्टीला चिकटवलेला असतो, आणि जास्त तापलेला तो जोड कधी सुटेल याची खात्री कोण देणार?

तेल सांडलेलं नसताना पुन्हा पुन्हा तेच होत असेल, तर कॅलिपरचं सील गळतंय. पॅड काढून पिस्टनच्या कडेला ओल दिसते का ते बघा. दिसली तर नवी पॅड घालण्याआधी कॅलिपर दुरुस्त करायला हवा, नाहीतर नवी पॅडही तशीच जातील.

बोटांनाही तेल असतं. डिस्क पकडून चाक उचलू नका. ती तापलेली असेल तर बोट भाजेलच, शिवाय फिरत्या चाकाजवळ डिस्कच्या भोकांत बोट जाणं फार वाईट.

पॅड: किती उरली, कोणती घ्यावी

पॅडवरचा मसाला नवा असताना साधारण २ मिलिमीटर असतो. शिमानोच्या हिशेबाने तो ०.५ मिलिमीटर उरला की बदलायचा. स्रॅम ही दुसरी कंपनी वेगळं मोजते: मागची पट्टी धरून एकूण जाडी ३ मिलिमीटरच्या खाली आली की पॅड संपलं. मसाला पूर्ण संपला तर पट्टी डिस्कवर घासते, ‘खर्रर्र’ असा धातूचा आवाज येतो, आणि तेवढ्यात डिस्कही जाते. चिखल-पावसात पॅड फार भराभर संपतात, म्हणून त्या दिवसांत दर आठवड्याला डोकावून बघा.

रेझिनची पॅड मऊ, कमी आवाज करणारी आणि सुरुवातीपासून पकडणारी. सिंटर्ड धातूची पॅड चिवट, पावसात आणि उष्णतेत टिकणारी, पण जास्त आवाज करणारी. घेताना डिस्कवर काय कोरलंय ते वाचा. काही डिस्कवर फक्त रेझिन पॅड वापरा असं लिहिलेलं असतं. त्यांचं पोलाद मऊ असतं आणि धातूची पॅड ती झपाट्याने खातात.

नवी पॅड बसवल्यावर ती ‘बसवून’ घ्यावी लागतात. पॅडच्या मसाल्याचा एक पातळ, एकसारखा थर डिस्कवर चढायला हवा, तेव्हाच पूर्ण पकड येते. मोकळ्या सपाट रस्त्यावर ताशी २० किलोमीटरच्या आसपास वेग घ्या, एकच ब्रेक एकसारखा दाबत चालण्याच्या वेगापर्यंत या, पण पूर्ण थांबू नका आणि चाक लॉक होऊ देऊ नका. असं वीसेक वेळा. मग थोड्या जास्त वेगाने आणखी दहा वेळा. नंतर दुसरा ब्रेक. पूर्ण थांबलात तर त्या जागी मसाल्याचा जाड ठिपका चिकटतो, आणि मग ब्रेक दाबताना दर फेरीला गचका जाणवतो. पहिल्या चार-पाच वेळा पकड कमी वाटेल, म्हणून हे गर्दीत किंवा उतारावर नको.

लिव्हर मऊ लागतोय

तेल दाबलं जात नाही, हवा दाबली जाते. नळीत हवेचा बुडबुडा शिरला की लिव्हरचा जोर तो बुडबुडा दाबण्यातच खर्च होतो आणि लिव्हर स्पंजसारखा लागतो. सायकल उलटी ठेवल्यावर लिव्हरच्या टाकीतली हवा नळीत जाऊन असं होऊ शकतं. सायकल सरळ उभी करून लिव्हर काही वेळा दाबला की बहुधा ठीक होतं. नाही झालं तर हवा काढावी लागेल. प्रत्येक ब्रेकची हवा काढायची पद्धत वेगळी असते, तेव्हा त्या मॉडेलचं पत्रक समोर ठेवूनच करा. लिव्हर दाबून धरल्यावर हळूहळू हँडलकडे बुडत असेल, तर बहुधा कुठेतरी गळती आहे. ती सायकल चालवू नका.

तेलाच्या बाबतीत एकच गोष्ट पक्की लक्षात ठेवा. शिमानो, मगुरा, टेक्ट्रो यांच्या ब्रेकमध्ये मिनरल ऑइल असतं. होपच्या आणि स्रॅमच्या बहुतेक ब्रेकमध्ये डॉट ४ किंवा डॉट ५.१ नावाचं वेगळं ब्रेक-तेल, पण स्रॅमच्या काही नव्या मॉडेलमध्ये मिनरल ऑइल. म्हणून कंपनीच्या नावावर जाऊ नका, लिव्हरच्या टाकीवर काय लिहिलंय ते वाचा. एकाच्या जागी दुसरं घातलं तर आतली सगळी रबरं फुगतात किंवा खराब होतात आणि ब्रेक कायमचा जातो. डॉट तेल रंगही खातं, फ्रेमवर सांडलं तर लगेच पाण्याने धुवा.

डॉट तेल हवेतलं पाणी शोषून घेतं, म्हणून ते ठराविक काळाने बदलायचं. कोरडं डॉट ४ किमान २३० अंश सेल्सियसपर्यंत उकळत नाही. त्यात पाणी मुरलं की हीच मर्यादा १५५ अंशांवर येऊ शकते. उकळलेल्या तेलात वाफेचे बुडबुडे होतात, आणि वाफ हवेसारखीच दाबली जाते.

एवढं तापमान सायकलला कुठून येणार, असं वाटेल. हिशेब करून बघू. चालवणारा आणि सायकल मिळून ९० किलो, आणि उतार १०० मीटर उंचीचा. ब्रेक लावत खाली आलात तर साधारण ८८ हजार ज्यूल ऊर्जेचं काहीतरी व्हायला हवं. या उष्णतेने एक लिटर पाणी सुमारे २१ अंशांनी तापेल. पण डिस्कचं पोलाद असतं फक्त १२० ग्रॅमच्या आसपास. सगळी उष्णता एकाच डिस्कमध्ये साठून राहिली असती तर ती चौदाशे अंशांच्या पुढे, म्हणजे पोलाद वितळण्यापर्यंत गेली असती. तसं होत नाही कारण वारा ती सतत वाहून नेतो, आणि थोडा वेग हवेचा विरोधही खातो. म्हणून लांब उतारावर ब्रेक हलकेच दाबून धरू नका. वेग वाढू द्या, दोन्ही ब्रेक जोरात दाबून तो उतरवा आणि पूर्ण सोडा, डिस्कला वारा मिळू द्या. आणि वजन जास्त किंवा उतार मोठे असतील तर १६० ऐवजी १८० मिलिमीटरची डिस्क घ्या, फ्रेम आणि फोर्क तेवढी डिस्क घेऊ शकत असतील तर.

चाक काढून नेताना

गाडीत टाकण्यासाठी चाक काढलं आणि कुणाचा तरी हात लिव्हरवर पडला, तर दोन्ही पॅड पुढे येऊन एकमेकांना भिडतात आणि चाक परत बसत नाही. म्हणून चाक काढलं की पॅडच्या मध्ये जाड पुठ्ठ्याची घडी सरकवून ठेवा. भिडलीच असतील तर प्लास्टिकचा टायर लिव्हर मधे घालून दोन्ही बाजूंना सावकाश दाबा, जोर पॅडच्या मधोमध येऊ द्या, नाहीतर पिस्टन तिरका होतो. मग चाक बसवा, सायकल जमिनीवर उभी करून आस पूर्ण आत घ्या, लिव्हर घट्ट लागेपर्यंत दाबत राहा, चाक उचलून फिरवा आणि ऐका.